न्यूरेंबर्गची फूड वॉक: शाकाहारी आई, कुरकुरत्या गुडघ्याचे बाबा. न्यावं का?

गोदाकाठचा_मन्या

मंडळी, सल्ला हवा आहे.

ताई जर्मनीत एरलांगनला असते. आईबाबा येत्या सप्टेंबरात पहिल्यांदाच तिच्याकडे चाललेत, दीड महिना. ताई-भावजी नोकरीवर, भाची शाळेत, म्हणजे सोमवार ते शुक्रवार हे दोघं खिडकीतून समोरचं झाड बघत बसणार. इथून नाशिकहून त्यांना काहीतरी भेट द्यावी असं मनात आहे. शेजारच्या न्यूरेंबर्गमध्ये गाईडबरोबर जुन्या शहरातून पायी फिरवतात आणि वाटेत पाचसहा ठिकाणी थोडं थोडं चाखायला देतात, अशी एक फेरी नेटवर दिसली. तीन तास, इंग्रजीतून, माणशी साठेक युरो. फोटो बघून माझ्याच तोंडाला पाणी सुटलं. फक्त ते सगळे फोटो सॉसेजचे आणि बिअरचे होते.

आई (६६) पक्की शाकाहारी, अंडंही नाही. केकचा नुसता वास घेऊन सांगते. बाबा (७१) बाहेर सगळं खातात, बिअरचा एखादा ग्लासही घेतात. आईला ते माहीत आहे, पण माहीत नाही असं घरात ठरलेलं आहे. त्यांचा डावा गुडघा कुरकुरतो. सपाट रस्त्यावर दोन किलोमीटर आरामात चालतात, जिना दिसला की तोंड वाकडं. शिवाय बाबा निवृत्त वकील. न्यूरेंबर्ग म्हटलं की त्यांना नाझी पुढाऱ्यांवरचा खटलाच आठवतो.

कोणी नेलंय का आपल्या माणसांना? ताईचं म्हणणं, "आईला तिथे फक्त पाणी मिळेल, आणि तेही विकत."

बिनपावतीचा

एकशेवीस युरो म्हणजे बारा हजारांच्या आसपास झाले हो. मी दोन वर्षांपूर्वी कामानिमित्त गेलो होतो. स्टेशनातून बाहेर पडलो, समोरच्या वेशीतून आत शिरलो, नाकासमोर चालत नदी ओलांडून चौकात. वाटेत 'द्राय इम वेग्ला' घेतलं, म्हणजे पावात बोटाएवढी तीन सॉसेज, वर मोहरीची चटणी. उभ्याउभ्या खाल्लं. चौकातल्या कारंज्याची सोनेरी कडी तीनदा फिरवली. झालं न्यूरेंबर्ग, दीड तासात. गाईडला पैसे कशाला द्यायचे?

फ्युर्थची_सातारकरीण

बिनपावतीचे दादा, एवढ्याला आमच्याकडे 'गाडी बदलताना पाय मोकळे केले' असं म्हणतात.

मन्या, मी अकरा वर्षं फ्युर्थला आहे. फ्युर्थ आणि न्यूरेंबर्ग एकमेकांना चिकटलेली. मध्ये फक्त यू-बान, म्हणजे भुयारी रेल्वे, आणि जुनं वैर. खाऊ-फेऱ्या मी दोनदा केल्या. एकदा आईला घेऊन, एकदा सासूबाईंना घेऊन. पहिली पार फसली, दुसरी इतकी जमली की सासूबाई कराडला अजून त्याच गोष्टी सांगतात. दोन्ही सांगते, मग तुझं तू ठरव.

पहिली. बुकिंग करताना 'व्हेजिटेरियन' या चौकोनात टिचकी मारली आणि निर्धास्त झाले. पहिल्या थांब्यावर सगळ्यांना पावात तीन ब्राटवुर्स्ट. आईला पाव आणि मोहरी. दुसऱ्या थांब्यावर झावरक्राउट, म्हणजे आंबवलेला कोबी. मी सहज विचारलं, तर त्यात डुकराची चरबी आणि बेकनचे तुकडे. तिसऱ्या ठिकाणी बटाट्याची कोशिंबीर आली. आई खूश, "आपल्यासारखीच आहे गं, फक्त दह्याऐवजी व्हिनेगर." या फ्रांकन भागात त्या कोशिंबिरीत मेयॉनीज नसतं, बटाट्यावर गरम रस्सा ओतून ती मऊ करतात. तो रस्सा बहुतेक वेळा मांसाचा असतो, हे मला तिने तीन घास खाल्ल्यावर आठवलं. वाडगा मी "मला हवं" म्हणून ओढून घेतला. खरं कारण मी तिला आजतागायत सांगितलेलं नाही. साताऱ्याचं कोणी हे वाचत असेल तर कृपया तोंड बंद ठेवा.

दुसरी, मागच्या सप्टेंबरातली. या वेळी दहा दिवस आधी मेल लिहिला. 'व्हेजिटेरियन' हा शब्द टाळला आणि काय चालत नाही त्याची यादी दिली: मांस नाही, मासे नाहीत, केक सोडून अंडं नाही, चरबी नाही, जिलेटिन नाही, मांसाचा रस्सा नाही. गाईडबाईंनी स्वतः उत्तर पाठवलं, प्रत्येक थांब्यावर काय देणार ते लिहून. साठी ओलांडलेल्या, पूर्वी शाळेत इतिहास शिकवायच्या. हातात लाल छत्री, पाऊस असो नसो.

सुरुवात लोरेन्झ चर्चपासून, तिथून उतारानं पुलावर. पेग्निट्झ नदी शहराच्या मधोमध वाहते आणि तिच्यावर कमानी टाकून १४ व्या शतकातल्या एका धर्मादाय रुग्णालयाचा वाढीव भाग बांधलाय. फोटोत तेच असतं. गाईडबाई म्हणाल्या, फोटो काढा, पण लक्षात ठेवा की २ जानेवारी १९४५ च्या रात्री बॉम्बहल्ल्यात जुनं शहर जवळजवळ सगळं, नव्वद टक्क्यांच्या आसपास, पडलं. तुम्ही बघताय त्यातलं पुष्कळसं माझ्यापेक्षा फार मोठं नाही. जुन्याच गल्ल्यांच्या रेघांवर, जमेल तिथे जुनेच दगड वापरून पुन्हा उभं केलंय. सासूबाईंनी पुलाच्या कठड्यावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "मोडलेलं घर तसंच बांधायला जिद्द लागते बाई." त्यांनी कोयनेचा भूकंप पाहिलाय.

मग मोठा चौक, हाउप्टमार्क्ट. लाल-पांढऱ्या पट्ट्यांच्या छपराखाली भाजीवाले. ही भाजी बरीचशी शहराच्या उत्तरेला पसरलेल्या क्नोब्लाउख्सलांटमधून येते, म्हणजे शब्दशः लसणाचा मुलूख. एरलांगनहून येताना आईबाबांना ती शेतं दिसतील. इथे एक सूचना, ही मी पदरचे दोन युरो मोजून शिकलेली आहे: भाजीला हात लावायचा नाही. सासूबाईंनी सवयीनं टोमॅटो दाबून पाहिला आणि विक्रेती अशी कडाडली की तिचं जर्मन भाषांतराशिवाय पोचलं. टोमॅटो घ्यावेच लागले. चांगले निघाले, पण तो मुद्दा नाही.

बारा वाजता चौकातल्या फ्राउएनकिर्षवरचं घड्याळ वाजतं. सम्राट चौथा कार्ल बसलेला असतो आणि सात इलेक्टर, म्हणजे सम्राट निवडणारे, त्याच्याभोवती फेऱ्या मारतात. १३५६ सालच्या सुवर्ण फर्मानाची ती आठवण. सम्राट कोणी निवडायचा ते त्यात पक्कं केलं होतं. सगळा चौक मान वर करून मोबाइल धरून उभा होता. खेळ संपला, लोक पांगले. मग बाईंनी आम्हाला जवळ बोलावलं, छत्री मिटली आणि सांगितलं: हे चर्च जिथे उभं आहे तिथे सिनेगॉग होतं, आणि या चौकाच्या जागी ज्यूंची वस्ती. १३४९ मध्ये ती याच कार्लच्या संमतीनं पाडली गेली आणि शेकडो माणसं मारली गेली. पुढे म्हणाल्या, "या थांब्यावर मी कधीच काही खायला देत नाही." आणि चालू लागल्या. गाईडला पैसे कशाला, याचं माझ्यापुरतं उत्तर हे आहे. कारंज्याची कडी कोणीही फिरवतं.

आता तुझ्या आईच्या कामाचा थांबा: लेबकूखन.

दिसायला तळहाताएवढी जाड गोल भाकरी, तपकिरी, वर साखरेचं किंवा चॉकलेटचं पातळ कवच. खाली कागदासारखी पांढरी चकती चिकटलेली. सासूबाई ती नखानं सोलायला बसल्या. तो कागद नाही, पिठाची पापडी आहे, 'ओब्लाटं', चर्चमध्ये प्रसाद म्हणून देतात त्याच जातीची. मठातले लोक चिकट पीठ तव्याला लागू नये म्हणून ती खाली घालायचे, तीच चाल राहिली. मग त्यांनी घास घेतला, डोळे मिटले आणि म्हणाल्या, "अगं, हा तर सुंठवडा!"

मी भाषांतर करेपर्यंत त्या पुढे गेल्या होत्या. लवंग. दालचिनी. वेलदोडा. जायफळ, "नाही, थांब, जायपत्री." धने. बडीशेपेसारखं काहीतरी. बाई एकेकाला मान डोलवत होत्या. ते शेवटचं अनीस निघालं. गटातल्या दोन डॅनिश आणि एका स्पॅनिश जोडप्याला 'ख्रिसमसचा वास' एवढंच ओळखता आलं होतं. तिथून पुढचा अर्धा तास फेरी सासूबाईंच्या ताब्यात गेली.

हा मसाला इथे कसा आला, तेही बाईंनी छान उलगडलं. शहराभोवतीच्या जंगलात पूर्वी इतकं मधपालन होतं की त्याला साम्राज्याची मधमाश्यांची बाग म्हणत. मध घरचा, आणि मसाला व्हेनिसहून आल्प्स ओलांडून येणाऱ्या व्यापाऱ्यांचा. दोन्ही या शहरात एका जागी आले. लेबकूखन करणाऱ्यांचा स्वतंत्र संघ १६४३ साली झाला. आज 'न्यूरेंबर्गचं लेबकूखन' हे नाव फक्त या शहरात केलेल्यालाच लावता येतं, आपल्याकडे जीआय टॅग असतो तसं. त्यातलं सर्वांत वरच्या दर्जाचं ते 'एलिझन': बदाम, हेझलनट, अक्रोड मिळून किमान पंचवीस टक्के, आणि मैदा जास्तीत जास्त दहा टक्के.

मी बाईंना बेहाइमच्या गोलाबद्दल विचारलं. मार्टिन बेहाइम इथलाच. त्याने १४९२ च्या सुमारास करवून घेतलेला पृथ्वीगोल हा आज शिल्लक असलेला सर्वांत जुना, इथल्या जर्मानिशेस नॅशनल म्युझियमचा ठेवा. मी तो पाहिला होता. त्यावर अमेरिका नाहीच, कारण कोलंबस तेव्हा वाटेत होता. पण मसाल्यावर एक लांबलचक मजकूर आहे: पूर्वेच्या बेटांवरून निघालेला मसाला आपल्या हाती पडेपर्यंत बारा वेळा विकला जातो, दर ठिकाणी जकात आणि नफा चढतो, तेव्हा तो इथे सोन्याच्या भावानं मिळाला तर नवल वाटू नये. हे सासूबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "बारा दलाल? मंडईत तर आल्याला एवढे नसतात." मंडईबद्दल मला जरा शंका आहे.

ब्राटवुर्स्टचं तुझ्या बाबांसाठी: सात ते नऊ सेंटिमीटर लांब, वीस-पंचवीस ग्रॅम वजनाची, आत मार्जोरम नावाचा सुगंधी पाला, बीचच्या लाकडावर भाजतात. एवढी बारीक का? गाईड लोकांची आवडती गोष्ट अशी की वेशी बंद झाल्यावर किल्लीच्या भोकातून गिऱ्हाइकाला देता यावी म्हणून. आणि एका खानदानी कैद्याची गोष्टही हमखास ऐकायला मिळेल: रोज दोन ब्राटवुर्स्ट मिळतील एवढीच सवलत त्याने मागितली आणि अडतीस वर्षांत अठ्ठावीस हजार संपवली. गुणाकार साधारण जुळतो, बाकी ज्याने त्याने ठरवावं. सासूबाईंना त्याच वेळी ब्रेत्झेल, म्हणजे गाठ मारलेला खारा पाव, आणि ओबाट्स्डा मिळालं. कॅमेम्बेर चीज, लोणी, कांदा, लाल पाप्रिका एकत्र कुस्करतात ते. "लोण्यात कालवलेलं तिखट" असं त्यांनी नाव ठेवलं आणि दोनदा घेतलं.

शेवटी नदीवरचा लाकडी पूल, हेंकरश्टेग. फाशी देणाऱ्याचा पूल. त्याचं घर नदीवर, वस्तीपासून तोडून. त्याच्याबरोबर कोणी जेवायचं नाही, त्याचा स्पर्श नको, त्याच्या मुलांनी दुसरा धंदा करायचा नाही. इथला फ्रान्झ श्मिट हा १५७८ ते १६१७ फाशीगार होता. डायरी लिहायचा, आणि फावल्या वेळात लोकांची मोडलेली हाडं बसवायचा. म्हणजे दुखलं की तोच हात चालायचा. म्हातारपणी त्याने थेट सम्राटाकडे अर्ज करून घराण्यावरचा कलंक पुसून घेतला. हे मी मराठीत सांगितलं. सासूबाई बराच वेळ पाण्याकडे बघत होत्या. मग म्हणाल्या, "शिवाशीव इथेही होती तर." आमच्या घरात या विषयावर त्या कधी बोललेल्या मला आठवत नाहीत.

निघताना त्यांनी पर्समधून कंदी पेढ्यांची पुडी काढून बाईंच्या हातावर एक ठेवला. बाईंनी विचारलं, मसाला कोणता? "काही नाही, नुसता खवा भाजलाय." बाईंचा विश्वास बसला नाही.

गोदाकाठचा_मन्या

ताई, काय लिहिलंय! बाबांना वाचून दाखवलं. 'बारा दलाल'वर त्यांनी नाशिकच्या कांद्याचं भाषण सुरू केलं, ते जेवण होईपर्यंत.

दोनतीन शंका. लेबकूखनमध्ये अंडं असतं का? गुडघ्याला चढ किती? आणि खटल्याचं कोर्ट या फेरीत दाखवतात का? बिअरबद्दल तुम्ही सोयीस्कर गप्प राहिलात, असं बाबांचं म्हणणं.

गालजीबागकर

सातारकरीणबाईंच्या मसाल्याला आमच्या गोव्यातल्या काणकोणची फोडणी. त्या व्हेनिसच्या सोन्याला पुढे वाटेकरी आला. वास्को द गामा कालिकतला उतरला आणि न्यूरेंबर्ग, आउग्सबुर्गच्या सावकारांनी लगेच डोकं फिरवलं: आल्प्सवरून कशाला, लिस्बनहूनच घेऊ. मार्च १५०५ मध्ये पोर्तुगालचा हिंदुस्थानातला पहिला व्हाइसरॉय फ्रान्सिश्कु द आल्मेइदा जे आरमार घेऊन निघाला, त्यातली तीन जहाजं जर्मन व्यापाऱ्यांच्या पैशानं भरलेली होती. त्या व्यापाऱ्यांत न्यूरेंबर्गची इमहोफ आणि हिर्शफोगेल ही घराणी होती. आणि त्या आरमाराने त्याच सप्टेंबरात किल्ला बांधायला कुठे घेतला? अंजदीव बेटावर. आमच्या खालच्या अंगाला, कारवारजवळ. वर्षभरात सोडूनही दिला. आता ते बेट नौदलाकडे आहे, आम्ही किनाऱ्यावरून बघतो.

ती पांढरी चकती वाचून हसलो. आमच्या शेजारच्या मावशी घरी दोदोल, म्हणजे नारळ-गुळाची मऊ मिठाई, करताना खाली केळीचं पान घालतात, कारण तेच. चिकटतं.

फ्युर्थची_सातारकरीण

गालजीबागकर, इमहोफ! बाईंनी घराण्याचं नाव घेतलं होतं, मी मात्र 'कोणी सावकार' म्हणून सोडून दिलं. आता त्यांना कळवते.

मन्या, एकेक घेते.

अंडं: एलिझनमध्ये सहसा असतं. मैदा एवढा कमी की बांधायला अंड्याचा पांढरा लागतो. (होय, सासूबाई अंडं खातात. केकपुरतं. आईच्या फेरीत लेबकूखन नव्हतंच.) तुझ्या आईसाठी बिनअंड्याचं वेगळं मागावं लागेल. हल्ली काही दुकानं 'वेगान' लिहिलेली ठेवतात, पण मग बहुतेक मध नसतो. 'ओनं आय' म्हणजे अंड्याशिवाय, 'ओनं श्पेक' म्हणजे बेकनशिवाय. ताईला हे माहीत असेलच, पण आईला दोन शब्द पाठ करून दे, तिथे तिला फार बरं वाटेल. आणि पाकिटावर 'हिर्शहोर्नझाल्त्स' दिसलं आणि कोणी त्याचा अर्थ 'हरणाच्या शिंगाचं मीठ' असा सांगितला तर घाबरू नका. पूर्वी खरंच शिंगापासून करायचे. आता आपला बेकरीवाला बिस्किटात घालतो तोच अमोनिया.

ब्रेत्झेलही विचारून घ्या. काही ठिकाणी पिठात लोण्याऐवजी डुकराची चरबी, 'श्माल्त्स', असते. आणि आई रेनेटवालं (वासराच्या जठरातल्या विरजणाचं) चीज खात नसेल तर ओबाट्स्डा सोडा. मग राहतं काय? फ्रांकनचा 'क्लोस', बटाट्याचा मोठा गोळा, मध्ये तळलेल्या पावाचे तुकडे. तो मशरूमच्या रश्श्याबरोबर मागा, पण रस्सा भाजीचा आहे ना ते विचारा. सप्टेंबरात लाल भोपळ्याचं सूप सगळीकडे. पाण्याबद्दल तुझी ताई बरोबर आहे. हॉटेलात साधं पाणी मागितलं तरी बाटली येते आणि बिलात लागते. पिशवीत बाटली ठेवा. स्वच्छतागृहासाठी सुटी नाणीही.

गुडघा: अंतर फार नाही, पण जमीन फरसबंदी दगडांची, आणि झेबाल्ड चर्चच्या पुढे किल्ल्याकडे रस्ता चांगलाच चढतो. फेरी किल्ल्याच्या अंगणापर्यंत जाते का ते विचारून घ्या. जात असेल तर बाबांनी चित्रकार ड्यूररच्या घरासमोरच्या चौकात बाकावर बसावं. तिथे तसंही जास्त मजा आहे. जाड तळव्याचे बूट. नवे कोरे नकोत. सासूबाईंनी साडीखाली स्पोर्ट्स शूज घातले होते, कोणी बघत नाही.

बिअर: तुझ्या बाबांचं लक्ष चांगलं आहे. इथली जुनी ती रोटबिअर, तांबूस, भाजलेल्या माल्टच्या चवीची. फेरीत छोट्या पेल्यातून देतात. ही बिअर थंडाव्यात मुरवावी लागते, म्हणून किल्ल्याखालचा वालुकाश्म पोखरून मजल्यामजल्यांची तळघरं केली. १३८० मध्ये नगरपरिषदेचा हुकूमच निघाला की जो बिअर करून विकेल त्याचं स्वतःचं तळघर हवं, दहा फूट खोल आणि सोळा फूट रुंद. युद्धात हवाई हल्ल्यांच्या वेळी शहरातले लोक त्याच तळघरांत जीव मुठीत धरून बसले. ती बघायची फेरी वेगळी, पायऱ्या आहेत, आत उन्हाळ्यातही स्वेटर लागतो. गुडघ्याला नको. बिअर वरही मिळते. आईसमोर घेताना 'वारसा आहे' म्हणा. आणि फ्युर्थचं नाव राखायला एवढंही सांगा की जर्मनीतली पहिली वाफेची आगगाडी ७ डिसेंबर १८३५ ला न्यूरेंबर्गहून आमच्याकडेच आली, आणि पुढच्या वर्षी तिच्यातून जो पहिला माल आला तो म्हणजे बिअरची दोन पिंपं.

कोर्ट: फेरीत नाही. ते जुन्या शहराबाहेर, पश्चिमेला, यू-१ लाईनचं बेरनशान्झ स्टेशन. 'सभागृह ६००' आणि वरच्या मजल्यावर संग्रहालय. ती इमारत अजूनही न्यायालयाचीच आहे, त्यामुळे ती खोली आतून बघता येईल का ते आधी तपासा. खटला २० नोव्हेंबर १९४५ ला सुरू झाला आणि निकाल १ ऑक्टोबर १९४६ पर्यंत चालला. निवृत्त वकिलांना तिथे अर्धा दिवस द्या. लेबकूखनच्या दिवशी नको.

वेळ साडेदहाची घ्या, म्हणजे बाराला चौकात असता. आणि मेल लिही. टिचकी नको.

बिनपावतीचा

सुंठवडा वाचून तोंड बंद केलंय. पुढच्या वेळी गेलो तर तुमच्या बाईंचा पत्ता विचारीन. पाव मात्र चांगला होता.

गोदाकाठचा_मन्या

दोन महिन्यांनी धागा वर काढतोय. जाऊन आले!

मेल लिहिला, ताईने जर्मनमध्ये करून दिला. गाईड तरुण मुलगा होता, छत्री हिरवी. आईला ब्रेत्झेल, भोपळ्याचं सूप, क्लोस आणि बिनअंड्याचं लेबकूखन मिळालं. ते बिनअंड्याचं आहे हे तिने वास घेऊन मान्य केल्यावरच खाल्लं. फाशीगाराच्या पुलावर पाऊस आला, तो भाग छपराखाली उभं राहून ऐकला. चौकातल्या थांब्यावर त्याने ज्यूंचं सांगितलं का, हे मी मुद्दाम विचारलं. सांगितलं, पण चालता चालता. बाबांनी त्याला थांबवून तीन प्रश्न विचारले आणि मग तोही थांबला.

कोर्टात बाबा एकटे चार तास होते. काय पाहिलं विचारलं तर, "आरोपींना बचावाचा वकील दिला होता रे," एवढंच म्हणाले.

बिअर त्यांनी आईसमोर घेतली. आईने पेला हातात घेऊन उजेडात रंग पाहिला आणि परत दिला. घरात यावर चर्चा झालेली नाही.

लेबकूखनचा पत्र्याचा डबा नाशिकला आलाय. आईचा निकाल: "सुंठवडा बरा आहे, पण सुंठ कमी पडलीय." सातारकरीणताई, हे टिकतं किती दिवस?

फ्युर्थची_सातारकरीण

डब्यात सफरचंदाची एक फोड ठेव, कडक होणार नाही. दोन दिवसांनी बदल, नाहीतर नाशिकच्या हवेत बुरशी धरेल. आणि वरून सुंठ भुरभुरू दे आईंना. न्यूरेंबर्गला मी कळवणार नाही.